येणे बाकी

आपल्या यवतमाळ जिल्ह्याचा अर्वाचीन इतिहास ज्या कागदापासून सुरू होतो तो कागद विजयाचा नाही आणि पराभवाचाही नाही. तो थकलेल्या पगाराचा आहे. २१ मे १८५३ रोजी हैदराबादच्या निजामाने कंपनी सरकारशी जो तह केला, त्या तहाने वऱ्हाड प्रांत इंग्रजांच्या हवाली झाला. कारण काय, तर हैदराबाद कंटिन्जंट नावाची जी फौज निजामाच्या नावाने आणि इंग्रज अंमलदारांच्या हाताखाली उभी होती, तिचा पगार निजामाच्या खजिन्यातून वेळेवर निघेना. कंपनीने तो आपल्या खजिन्यातून भागवावा आणि निजामाच्या नावे मांडावा, असे वर्षानुवर्षे चालले. हिशेब फुगत फुगत पन्नास लाखांच्या घरात गेला. मग गव्हर्नर जनरल डलहौसीने रेसिडेंट कर्नल लो यांच्या हातून मागणी पाठवली, की रोख तरी द्या, नाहीतर मुलूख तरी लावून द्या. निजाम नासिरुद्दौल्याने मुलूख लावून दिला. सही झाल्यावर थोड्याच दिवसांत त्याचा दिवाण सिराजुल्मुल्क वारला आणि दिवाणगिरी त्याच्या तरुण पुतण्याकडे, म्हणजे पुढे गाजलेल्या सालारजंगाकडे आली. वऱ्हाड परत मिळावे म्हणून सालारजंग जन्मभर खटपट करीत राहिला. ते मिळाले नाही. १९०२ साली कर्झनने सालीना पंचवीस लाखांच्या पट्ट्याने ते कायमचे घेऊन टाकले.

हा इतिहास शाळेच्या पुस्तकात थोडाफार असतो. परंतु त्या तहाचे कलम बारकाईने वाचले तर दोन गोष्टी डोळ्यांत भरतात, आणि त्यांची वाच्यता सहसा कोणी करीत नाही. लावून दिलेल्या मुलखाच्या वसुलातून काय काय भागवायचे याची तेथे यादी आहे. फौजेचा पगार तर आहेच, पण त्याबरोबर १८२२ च्या तहाने हमी दिलेल्या काही मराठा पेन्शनी आहेत. आणि दुसरी गोष्ट अशी, की कंपनीचे जे मूळ कर्ज राहिले त्यावर दर साल दर शेकडा सहा टक्के व्याज लावलेले आहे. म्हणजे आपल्या वऱ्हाडच्या नव्या राज्याच्या जन्मपत्रिकेतच पगार, पेन्शन, थकबाकी आणि थकबाकीवरचे व्याज हे चारही ग्रह एका घरात बसलेले आहेत. वाचकांनी तो सहा टक्क्यांचा आकडा तेवढा लक्षात ठेवावा. पुढे त्याचे काम पडणार आहे.

इंग्रज येण्यापूर्वी आपल्याकडे चाकरी होती, पण निवृत्ती नव्हती. निजाम आणि नागपूरकर भोसले यांच्या दुअमलीत वऱ्हाडची रयत दोघांना वसूल देई, आणि तो वसूल गोळा करणारे देशमुख, देशपांडे, पाटील, पटवारी हे सारे वतनदार होते. वतनदाराला पगार नसे. वसुलावर रुसूम असे, इनाम जमीन असे, मानपान असे. तो म्हातारा झाला की मुलगा दप्तर सांभाळी, आणि बापाचे पोट त्याच वतनावर भरे. लढाईत शिपाई पडला तर त्याच्या मुलाबाळांच्या पोटासाठी बालपरवेशी म्हणून काही लावून देण्याची चाल मराठेशाहीत होती. ही सारी व्यवस्था चांगली होती असे मी म्हणत नाही. ती जातीच्या आणि घराण्याच्या हाती होती, आणि ज्याला वतन नाही त्याचे तिच्यात काहीच नव्हते. परंतु तिच्यात एक गोष्ट पक्की होती. वतनदार आपला हक्क मागायला जाई तेव्हा तो दान मागायला आलो आहे असे समजत नसे. वतन त्याचे होते. त्यासाठी तो पिढ्यान् पिढ्या भांडे, महजर करी, कागद जपून ठेवी.

इंग्रजी अंमलात वतनाच्या जागी नोकरी आली. १८६४ साली अमरावतीतून तोडून वणी जिल्हा निराळा केला. १९०५ साली त्याचे नाव यवतमाळ झाले आणि वाशीम जिल्हा मोडल्यावर पुसद तालुकाही इकडे जोडला गेला. कचेऱ्या उभ्या राहिल्या. डेप्युटी कमिशनर, तहसीलदार, नाजर, कारकून, जंगल खात्याचे रखवालदार, पोलीस, शाळामास्तर असा पगारी माणसांचा एक नवाच वर्ग जिल्ह्यात आला. दरमहा ठराविक पगार, ठराविक वयाला घरी जाणे आणि मग मरेपर्यंत पेन्शन, ही कल्पना आपल्या लोकांना इतकी आवडली की मुलीला स्थळ पाहताना शेतीच्या एकरांबरोबर पेन्शनीची चौकशी होऊ लागली. गावोगावच्या पाटील-पटवाऱ्यांना मात्र हे भाग्य नव्हते. १९०० च्या वऱ्हाड पाटील-पटवारी कायद्याने त्यांची वंशपरंपरा मान्य केली आणि वसुलावरचा मोबदलाही ठेवला, पण पेन्शन ठेवली नाही. स्वराज्यात १९६२ च्या महसूल पाटील पद निर्मूलन कायद्याने ती पाटीलकीही गेली.

परंतु ही नवी पेन्शन कोणत्या नात्याने मिळत होती? येथेच खरी गोम आहे. १८७१ साली ब्रिटिश हिंदुस्थानात पेन्शनीचा कायदा झाला. कायद्याच्या भाषेत वऱ्हाड ब्रिटिश हिंदुस्थान नव्हते, येथे कायदे हुकूम काढून लागू करावे लागत. पण पेन्शनीकडे पाहण्याची सरकारी नजर वर्ध्याच्या दोन्ही तीरांवर एकच होती. त्या कायद्याचे ११ वे कलम सांगते की पेन्शनीवर सावकाराला जप्ती आणता येणार नाही. हे उत्तमच झाले. पण ४ थे कलम सांगते, की पेन्शनीबद्दल दिवाणी कोर्टात दावा चालणार नाही. चालवायचाच असेल तर ६ व्या कलमाप्रमाणे कलेक्टराचे वगैरे सर्टिफिकेट आणावे. म्हणजे ज्या सरकारने पैसे द्यायचे त्याच सरकारच्या अंमलदाराने 'माझ्यावर फिर्याद करायला हरकत नाही' असे लिहून द्यायचे! एकाच कायद्याने पेन्शनराच्या दाराला आतून कडी लावली, ती सावकारासाठी, आणि बाहेरून कुलूप लावले, ते खुद्द पेन्शनरासाठी. शिवाय पुढच्या सिव्हिल सर्व्हिस रेग्युलेशनांत एक वाक्य होते, की निवृत्तीनंतरची चांगली वर्तणूक ही प्रत्येक पेन्शनीची गृहीत अट आहे. या सगळ्याचा अर्थ कारकुनाला न सांगता समजत असे. पेन्शन म्हणजे सरकारची मेहेरबानी, आणि मेहेरबानी उशिरा झाली म्हणून कोणी भांडत नाही. पायरीवर बसून वाट पाहावी.

स्वराज्य आले, घटना आली, तरी ही भावना एकदम गेली नाही. बिहारमधल्या एका फौजदाराची गोष्ट यासाठी सांगण्याजोगी आहे. अब्दुल मजीद नावाच्या या सब-इन्स्पेक्टराला बडतर्फ केले होते. अपिलात तो परत कामावर आला, पण मधल्या काळाचा पगार देईनात. त्याने दावा लावला. तेव्हा राज्य सरकारने कोर्टात काय सांगावे? सरकारी नोकर हा राजाच्या मर्जीने नोकरीत असतो, मर्जीच्या चाकराला थकलेल्या पगाराचा दावा करता येत नाही, असा इंग्लंडातला जुना सिद्धांत त्यांनी पुढे केला. आपल्याकडे राजा उरला नव्हता, पण राजाची मर्जी वकिलांच्या पुस्तकात उरली होती. १९५४ साली सर्वोच्च न्यायालयाने हा सिद्धांत फेटाळला आणि पगार हे मागून घेण्याजोगे येणे आहे, असे ठरवले. पगाराचा प्रश्न सुटला. पेन्शनीचा सुटायला आणखी सतरा वर्षे लागली.

या मधल्या काळात आपल्या जिल्ह्यावर आणखी एक स्थित्यंतर येऊन गेले. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भ जुन्या मध्य प्रदेशातून निघून द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात. एका राज्यात नोकरीला लागलेला यवतमाळचा कारकून जागचा न हलता दुसऱ्या आणि मग तिसऱ्या राज्याचा नोकर झाला. राज्य पुनर्रचना कायद्याच्या ११५ व्या कलमात अशा लोकांच्या नोकरीच्या शर्ती, केंद्राच्या पूर्वसंमतीवाचून, त्यांच्या तोट्याच्या होतील अशा बदलू नयेत, असे बंधन घातले होते. नागपूरचे हायकोर्ट गेले, परंतु मुंबई हायकोर्टाचे खंडपीठ नागपुरात राहिले आणि १९६० च्या मुंबई पुनर्रचना कायद्यात विदर्भाच्या इतर जिल्ह्यांबरोबर यवतमाळचे नाव त्या खंडपीठाखाली लिहिले गेले. ही तरतूद त्या वेळी वकिलांच्या सोयीची वाटली असेल. पण पुसदच्या किंवा उमरखेडच्या एखाद्या निवृत्त मास्तराला दाद मागायला मुंबईऐवजी नागपूरला जाता येते, ही गोष्ट किती मोलाची आहे ते ज्याने एस. टी.चे तिकीट आपल्या खिशातून काढले आहे त्यालाच कळेल. १९६२ साली जिल्हा परिषद स्थापन झाली आणि प्राथमिक शिक्षक तिचे नोकर झाले. जिल्ह्यातल्या पेन्शनरांची मोठी फळी आज याच शिक्षकांची आहे.

१९७१ साली देवकीनंदन प्रसाद विरुद्ध बिहार राज्य हा निकाल लागला. देवकीनंदन प्रसाद हे बिहारच्या शिक्षण खात्यातले अधिकारी. पाच वर्षे सतत गैरहजर राहिल्याने यांची नोकरी आपोआप संपली, असे सरकारने ठरवून त्यांची पेन्शन नाकारली होती. ते थेट सर्वोच्च न्यायालयात गेले. पाच न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितले, की पेन्शन ही सरकारच्या मर्जीवर अवलंबून असणारी बक्षिशी नव्हे. नियमांप्रमाणे नोकरी केली की तिचा हक्क उत्पन्न होतो. सरकारी हुकूम निघतो तो फक्त रक्कम ठरवण्यासाठी. हक्क त्या हुकुमाने जन्मत नाही. आणि हा हक्क म्हणजे मालमत्ता आहे. शंभर वर्षांपूर्वी, १८७१ साली, घातलेले कुलूप १९७१ साली निघाले, हा योगायोग इतिहासाच्या शिक्षकाला आवडावा असाच आहे. पुढे ४४ व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांच्या यादीतून निघाला, तरी ३०० अ या कलमात तो राहिला. कायद्याच्या आधारावाचून कोणाची मालमत्ता काढून घेता येत नाही. पेन्शनरांची बाजू आज पुष्कळदा याच कलमावर उभी असते.

दुसरा मोठा निकाल १७ डिसेंबर १९८२ चा, नाकारा यांच्या अर्जावरचा. केंद्र सरकारने पेन्शनीचे सूत्र सुधारले, पण ३१ मार्च १९७९ या तारखेनंतर निवृत्त होणाऱ्यांनाच ते लावले. एक दिवस आधी घरी गेलेला म्हातारा जुन्या सूत्रात आणि एक दिवस नंतरचा नव्या सूत्रात! सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालच्या पीठाने हा भेद समतेच्या विरुद्ध ठरवला. निकाल लिहिला न्यायमूर्ती देसाई यांनी. पेन्शन ही पूर्वी केलेल्या सेवेचा मोबदला आहे, आणि ज्यांनी आपले उमेदीचे दिवस दिले त्यांना उतारवयात आर्थिक आधार देणारी सामाजिक न्यायाची तरतूद आहे, असा त्याचा आशय. म्हणूनच १७ डिसेंबर हा दिवस देशभर पेन्शनर लोक आपला दिवस म्हणून पाळतात.

परंतु या लेखाच्या विषयाला सर्वांत जवळचा निकाल तिसरा आहे, आणि तो सर्वांत लहान आहे. केरळातील पद्मनाभन नायर हे १९ मे १९७३ रोजी निवृत्त झाले. पेन्शन आणि ग्रॅच्युइटी त्यांच्या हाती पडली १४ ऑगस्ट १९७५ रोजी. म्हणजे जवळजवळ सव्वादोन वर्षांचा काळ गेला. कारण काय, तर शेवटच्या पगाराचा दाखला खजिन्यातून आला नव्हता. आता हा दाखला कोणी कोणाला द्यायचा? सरकारने सरकारला! नायर यांनी गेलेल्या काळाच्या व्याजासाठी दावा केला आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोचले. डिसेंबर १९८४ मध्ये न्यायालयाने सांगितले, की निवृत्त माणसाच्या येण्याला दोषास्पद उशीर झाला तर त्याबद्दल चालू बाजारभावाने व्याजाचा दंड बसलाच पाहिजे, आणि निवृत्तीनंतर दोन महिने उलटले की ही जबाबदारी सुरू होते. मात्र नायर यांच्या पदरात व्याज पडले ते सहा टक्केच. कारण खालच्या कोर्टाने तेवढे दिले होते आणि त्यांनी वाढीसाठी उलट अपील केले नव्हते. सहा टक्के! १८५३ साली कंपनीने निजामाला जो दर लावला, तोच १३१ वर्षांनी एका म्हाताऱ्या नोकराला मिळाला. फरक एवढाच, की कंपनीला तो मागावा लागला नाही. तिने तो तहात लिहून घेतला.

येथवर निकालांचा इतिहास झाला. परंतु निकाल दिल्लीत होतात आणि सर्व्हिस बुक तालुक्याच्या कपाटात असते. मी आयुष्यभर शाळेत इतिहास शिकवला. निवृत्तीनंतर आमच्या आळीतल्या लोकांचे अर्ज लिहून देण्याचे काम आपसूक माझ्याकडे आले, आणि त्या निमित्ताने उशीर नावाची वस्तू कशी तयार होते ते मला जवळून पाहायला मिळाले. कोणी तरी दुष्ट माणूस मुद्दाम कागद दाबून बसतो अशी लोकांची समजूत असते. तसे क्वचित होतही असेल. पण बहुतेक वेळा उशीर हा साध्या साध्या गोष्टींचा बनतो. बदली होताना एका कचेरीतून दुसरीकडे गेलेल्या सेवापुस्तकात दहा-अकरा महिन्यांची सेवा पडताळलेली नसते. एका वेतन आयोगाच्या वेळची पगारनिश्चिती वेतन पडताळणी पथकाकडून तपासून आलेली नसते. जन्मतारखेत खाडाखोड असते. नादेय प्रमाणपत्र आणि ना-चौकशी प्रमाणपत्र दोन निराळ्या टेबलांवर असते. मग सारे कागद नागपूरच्या महालेखापालांकडे किंवा जिल्हा परिषदेच्या वित्त विभागाकडे जातात, तिथून एक शेरा घेऊन परत येतात, आणि शेरा वाचणाऱ्या कारकुनाची तोवर बदली झालेली असते. नियम पाहिले तर १९८२ च्या महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियमांत ही तयारी निवृत्तीच्या कितीतरी आधी सुरू करायला सांगितली आहे. सरकारला प्रत्येक नोकराची निवृत्तीची तारीख तो नोकरीला लागतो त्याच दिवशी माहीत असते. तीस-पस्तीस वर्षांची पूर्वसूचना मिळूनही ज्या गोष्टीला उशीर होतो अशी दुसरी गोष्ट जगात क्वचितच सापडेल.

आमच्या ओळखीचे एक गुरुजी आहेत. त्यांचे आणि त्यांच्या कचेरीचे नाव सांगण्याचे कारण नाही. ते निवृत्त झाले तेव्हा पंधरा-सोळा वर्षांपूर्वीची एक वेतनवाढ चुकीची दिली होती, असे कोणाच्या तरी ध्यानात आले आणि त्यांची ग्रॅच्युइटी थांबली. चूक गुरुजींची नव्हती. हिशेब कचेरीने केला होता. पैसे यायला सव्वीस महिने लागले. त्या अवधीत मुलीचे लग्न आले आणि गुरुजींनी सावकाराकडून शेकडा तीन रुपये महिन्याने पैसे उचलले. अखेर रक्कम आली. मी म्हटले, "गुरुजी, आता व्याजाचा अर्ज करू." ते म्हणाले, "जाऊ द्या मास्तर. मिळाले हेच पुष्कळ झाले." त्यांची मंडळी आतून ऐकत होती. ती दाराशी येऊन म्हणाली, "सावकारानं आपल्याले एक रुपया तरी सोडला का? मंग सरकारले कायले सोडाचं?"

त्या माउलीने १८७१ चा कायदा वाचला नव्हता आणि १९८४ चा निकालही वाचला नव्हता. परंतु मेहेरबानी आणि येणे यांतला फरक तिला गुरुजींपेक्षा आणि, खरे सांगायचे तर, पुष्कळ अंमलदारांपेक्षा स्पष्ट कळला होता. आम्ही अर्ज केला, दोन स्मरणपत्रे दिली, मग वकिलाची नोटीस दिली, तेव्हा व्याज आले. रक्कम मोठी नव्हती. सावकाराचे व्याज तिने फिटले नाही. पण गुरुजी त्यानंतर कचेरीत गेले की खुर्चीवर बसू लागले, हे मी स्वतः पाहिले आहे.

ज्यांना असा अर्ज लिहायचा आहे त्यांच्यासाठी चार गोष्टी येथे नमूद करतो. वरच्या १९८२ च्या नियमांतच १२९-अ आणि १२९-ब असे दोन नियम आहेत. प्रशासनाच्या दिरंगाईमुळे ग्रॅच्युइटी ठराविक मुदतीपलीकडे लांबली तर पहिल्याने आणि पेन्शन लांबली तर दुसऱ्याने व्याज देय होते. नियमांत काही नसले तरी व्याज मागता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली हरियाणातल्या दुआ यांच्या प्रकरणात सांगितले आहे. घटनेच्या १४, १९ आणि २१ या कलमांखाली ही मागणी उभी राहते. खातेनिहाय चौकशी चालू असेल तर गोष्ट निराळी. २७ आणि १३० या नियमांनी सरकारला पेन्शन कापण्याचा आणि चौकशी संपेपर्यंत ग्रॅच्युइटी थांबवण्याचा अधिकार दिला आहे. परंतु तात्पुरती पेन्शन त्या काळातही द्यावीच लागते. असा नियमच नसताना नुसत्या परिपत्रकाच्या आधारे पैसे अडवता येत नाहीत, असे २०१३ साली झारखंडच्या एका प्रकरणात ठरले.

जास्त दिलेल्या पगाराच्या वसुलीबाबत १८ डिसेंबर २०१४ चा रफीक मसीह यांच्या प्रकरणातला निकाल प्रत्येक पेन्शनराने घरात ठेवावा. या प्रकरणाच्या नावापुढे कंसात 'रंगसफेदी करणारा' असा हुद्दा लागलेला आहे. देशभरच्या तृतीय आणि चतुर्थ श्रेणीच्या नोकरांना ढाल मिळाली ती भिंतींना चुना लावणाऱ्या माणसाच्या नावाने. या दोन श्रेणींतल्या नोकरांकडून, निवृत्तांकडून, वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, आणि पाच वर्षांहून अधिक काळ दिल्या गेलेल्या रकमेची, वसुली करता येत नाही असे त्यात सांगितले आहे. मात्र २०१६ साली त्याच न्यायालयाने असेही म्हटले, की ज्याने जास्त मिळाले तर परत करीन असे हमीपत्र आधी लिहून दिले आहे त्याला ते बांधील राहते. पगारनिश्चितीच्या वेळी कारकून ज्या छापील कागदावर घाईघाईने सही घेतो तो कागद वाचून सही करावी, हे त्यातले तात्पर्य. ऑगस्ट २०२० मध्ये आपल्या नागपूर खंडपीठापुढे भंडाऱ्याच्या आयुध निर्माणीतून निवृत्त झालेल्या एका वृद्धाचे प्रकरण आले होते. बँकेने पेन्शन जास्त गेली म्हणून परस्पर कपात चालवली होती. न्यायालयाने ती रद्द केली आणि बँकेला पन्नास हजारांचा खर्च बसवला.

दाद कोठे मागायची? राज्य सरकारचा नोकर असेल तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे. ते १९९१ साली स्थापन झाले आणि त्याचे एक खंडपीठ नागपुरात आहे. तेथे जाण्याआधी वरिष्ठांकडे लेखी निवेदन द्यावे. सहा महिन्यांत उत्तर आले नाही तर त्यापुढे एका वर्षाच्या आत अर्ज करावा. जिल्हा परिषदेचा शिक्षक किंवा कर्मचारी त्या न्यायाधिकरणाच्या कक्षेत येत नाही. त्याने नागपूर खंडपीठात रिट अर्ज करायचा. नगरपालिकेच्या नोकरांसाठी १९७२ च्या उपदान कायद्याने तीस दिवसांची मुदत आणि उशिराबद्दल व्याज ही दोन्ही तत्त्वे घालून दिली. आणखी एक जुनी वाट विसरली जाते. १९७१ च्या महाराष्ट्र लोकायुक्त कायद्याने सरकारी नोकरांच्या नोकरीविषयक तक्रारी बाहेर ठेवल्या, परंतु पेन्शन, ग्रॅच्युइटी आणि भविष्यनिर्वाह निधी यांचे दावे मुद्दाम आत ठेवले होते. कायदा करणाऱ्यांनाही या दुखण्याची कल्पना होती, एवढे त्यावरून दिसते. उशिराची गोष्ट कोर्टाला सांगताना स्वतः उशीर करू नये. पेन्शन दरमहा थकते म्हणून तक्रार जुनी होत नाही हे खरे, पण थकबाकी बहुधा मागच्या तीन वर्षांचीच मिळते, असे २००८ साली तरसेमसिंग यांच्या प्रकरणात ठरले आहे.

१ नोव्हेंबर २००५ नंतर नोकरीला लागलेल्यांसाठी महाराष्ट्राने जुनी पेन्शन बंद केली. १४ ते २० मार्च २०२३ या आठवड्यात राज्यातले कर्मचारी संपावर गेले ते तिच्यासाठीच. त्या प्रश्नाच्या दोन्ही बाजूंनी बोलण्यासारखे पुष्कळ आहे आणि तो येथे सोडवायचा नाही. मला त्यात इतिहासाच्या विद्यार्थ्याला दिसणारी एकच गोष्ट नोंदवायची आहे. १९७१ च्या निकालाने पेन्शनीला मालमत्ता म्हटले, आणि मालमत्ता म्हटल्यावर ती कोणाची, किती आणि केव्हापासून, हे प्रश्न आलेच. मेहेरबानीबद्दल कोणी संप करीत नाही.

दिवाळीनंतरचा नोव्हेंबर हा आमच्या गावात पेन्शनरांचा महिना असतो. हयातीचे दाखले द्यायला म्हातारी माणसे बँकेत रांग लावतात. कोणाच्या हाताला कंप असतो, कोणाचा अंगठा यंत्राला ओळखू येत नाही. आपण जिवंत आहोत हे सरकारला दरसाल कळवण्याची त्यांची तक्रार नसते, कारण तो हिशेबाचा भाग आहे. हिशेबाचा दुसरा भाग ज्यांचा अजून यायचा आहे अशी एक-दोन माणसे त्या रांगेच्या बाहेर बाकावर बसलेली दरसाल दिसतात. त्यांच्याजवळ पिशवी असते, पिशवीत जुने कागद असतात. अशा माणसाशी जो कोणी दहा मिनिटे बोलेल त्याने त्याच्या पिशवीतून निवृत्तीची तारीख पाहावी, पैसे केव्हा मिळाले किंवा मिळाले नाहीत ते पाहावे, मधले महिने मोजावेत, आणि अर्जाच्या शेवटी व्याजाची मागणी लिहायला विसरू नये.